पाकपुस्तकाची कसोटी : 'रुचिरा' आणि आपली स्वयंपाकघरे

मराठी समीक्षेने कथा, कविता, कादंबरी व नाटक यांचा विचार उदंड केला. आत्मचरित्रे आणि प्रवासवर्णने यांचीही तिने दखल घेतली. परंतु ज्या ग्रंथप्रकाराच्या आवृत्त्यांमागून आवृत्त्या निघतात, जो नववधूला आवर्जून भेट दिला जातो आणि ज्याच्या पानांवर तेलाचे व हळदीचे डाग पडलेले असतात, त्या पाकपुस्तकाकडे समीक्षकांची दृष्टी क्वचितच वळली. स्वयंपाकाचे पुस्तक हे वाङ्मय नव्हे, असे बहुधा गृहीत धरले गेले असावे. वस्तुतः लेखकाच्या शब्दाची इतकी कठोर परीक्षा अन्य कोणत्याही पुस्तकात होत नाही. कवितेतील सैल शब्द वाचकाच्या लक्षातही येत नाही. पाककृतीतील सैल शब्द मात्र त्याच दिवशी ताटात उतरतो आणि घरातील सारी माणसे तो चाखतात.

घरच्या घरी स्वयंपाक शिकू पाहणाऱ्या माणसाला मराठी पाकपुस्तकाने काय दिले आणि काय द्यावयाचे राहिले, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे. तो कोल्हापुरात बसून केला जात असल्याने उदाहरणे साहजिकच इथल्या स्वयंपाकघरांतील आहेत.

मराठीत छापील पाकपुस्तकांची परंपरा सुमारे दीडशे वर्षांची आहे. रामचंद्र सखाराम गुप्ते यांचे 'सूपशास्त्र' १८७५ साली प्रसिद्ध झाले. या शीर्षकातील 'सूप' म्हणजे हॉटेलात जेवणाआधी येते ते पेय नव्हे. संस्कृतात सूप म्हणजे वरण आणि सूपकार म्हणजे आचारी. म्हणून सूपशास्त्र म्हणजे पाकशास्त्र. पुढे १९१० साली लक्ष्मीबाई धुरंधर यांचा 'गृहिणी-मित्र अथवा एक हजार पाकक्रिया' हा ग्रंथ आला. पाठारे प्रभू ज्ञातीचा संपन्न स्वयंपाक, त्यातील मासळी-मटणाच्या नाना प्रकारांसह, त्यात संकोच न बाळगता नोंदविलेला आहे.

ही पुस्तके मोलाची खरीच. परंतु ती ज्या काळात लिहिली गेली त्या काळी पुस्तकावाचून स्वयंपाक शिकण्याची सोय घरोघरी होती. मुलगी परकर सावरीत चुलीपाशी बसे, आईच्या हातातील पळीकडे पाहत मोठी होई आणि सासरी गेल्यावर सासूच्या नजरेखाली उरलेले धडे गिरवी. पुस्तक हे जाणत्या हाताला नवे काही सुचविण्यासाठी असे. त्यामुळे 'बेताचे', 'अंदाजाने', 'पुरेसे' अशा शब्दांवर लेखकाचे काम भागे. अंदाज ही वाचणारीच्या हातात आधीच असलेली वस्तू होती.

हा अंदाज ज्यांच्या हाती नव्हता त्यांच्यासाठी लिहिलेले पुस्तक म्हणजे कमलाबाई ओगले यांची १९७० साली आलेली 'रुचिरा'. कमलाबाई (१९१३–१९९९) या आपल्या शेजारच्या, आजच्या सांगली जिल्ह्यातील कुंडल गावच्या. शालेय शिक्षण चौथीपर्यंत, सासर सांगलीचे, आणि स्वयंपाकाचे खरे शिक्षण सासूच्या हाताखाली झालेले. अशा बाईने लिहिलेल्या पुस्तकाच्या लाखाहून अधिक प्रती खपाव्यात आणि लोकांनी तिला 'सव्वा लाख सुनांची सासू' म्हणून गौरवावे, हे मराठी ग्रंथव्यवहारातील लहानसे आश्चर्यच होय. आजही हे पुस्तक मेहता पब्लिशिंग हाऊसकडून निघते आणि दुकानात मागितले की मिळते.

'रुचिरा'च्या यशाचे मर्म वाटी आणि चमचा या दोन वस्तूंत आहे, हे सर्वजण सांगतात. ते खरेच आहे. पण वाटी-चमच्याने नेमके काय साधले हे तपासून पाहण्यासारखे आहे. दशमान वजन-मापांचा कायदा १९५६ साली झाला आणि पुढील काही वर्षांत शेर, छटाक व तोळे बाजारातून गेले. तोळा तेवढा सोनाराच्या पेढीवर उरला. म्हणजे १९७० च्या सुमारास संसार मांडणाऱ्या मुलीची आई शेरात बोलत होती, वाणी किलोत मोजत होता आणि मुलीपाशी तराजू नव्हताच. अशा वेळी 'एक वाटी डाळ, एक वाटी गूळ' हे सांगणे म्हणजे तिला घरातलेच माप हाती देणे होते. शिवाय ही रीत परकी नव्हती. पायली, शेर, मापटे, चिपटे ही आपली धान्याची मापे आकारमानाचीच होती. मापटे म्हणजे अर्धा शेर, चिपटे म्हणजे पाव शेर. बाया धान्य मापून घेत, तोलून नव्हे. तेव्हा कमलाबाईंची वाटी ही त्या चिपट्याचीच नात म्हणावयास हरकत नाही.

प्रत्येक घरची वाटी निराळी, मग हे माप विश्वासार्ह कसे, असा आक्षेप घेतला जातो. त्याचे उत्तर सोपे आहे. वाटी लहान असो वा मोठी, एकच वाटी सर्व जिनसांना वापरली म्हणजे जिनसांचे परस्परप्रमाण कायम राहते. आणि पुरणाचे, शिऱ्याचे वा चकलीच्या भाजणीचे यशापयश या परस्परप्रमाणावर अवलंबून असते. मात्र आक्षेप पुरता निकाली निघत नाही. चमचा वाटीबरोबर वाढत नाही. मोठ्या वाटीच्या घरी मीठ कमी पडते, लहान वाटीच्या घरी ते जास्त होते. वेळेचेही तसेच. दुप्पट रवा भाजावयास दुप्पट वेळ लागतोच असे नाही. ते कढईच्या रुंदीवर आणि आचेवर ठरते. याचा अर्थ वाटी-चमच्याचे पुस्तक शिकणाऱ्याला उंबऱ्याच्या आत आणून सोडते. पुढचे त्याने नाकाने, कानाने आणि डोळ्यांनी शिकावयाचे असते.

येथेच चांगल्या व सामान्य पाकपुस्तकातील भेद दिसू लागतो. 'खमंग भाजावे', 'चांगले परतावे', 'चवीनुसार मीठ घालावे' ही वाक्ये मराठी पाकपुस्तकांत हजारो वेळा आली असतील. ज्याला भाजता येते त्याला ती अनावश्यक आहेत. ज्याला येत नाही त्याला निरुपयोगी. याउलट 'रव्याचा वास सुटून तो उलथन्याला हलका लागेपर्यंत', 'मसाल्याच्या कडेने तेल सुटेपर्यंत', 'मोहरीचा तडतडाट थांबेपर्यंत' असे लिहिणारा लेखक शिकणाऱ्याच्या शेजारी उभा असतो. पाकपुस्तक हाती घेताच त्यातील पाच पाककृती वाचाव्यात आणि पदार्थ तयार झाल्याची खूण किती ठिकाणी सांगितली आहे ते मोजावे. लेखकाने स्वतः करून लिहिले की दुसऱ्या पुस्तकातून उतरवून घेतले, हे या एका मोजणीने बहुधा समजते.

भाताचेच उदाहरण घ्या. एका वाटीला दोन वाट्या पाणी, हा नियम नवशिक्याला पहिल्याच पानावर भेटतो. पण आपल्या जिल्ह्यातील आजरा घनसाळ, ज्याला २०१६ साली भौगोलिक मानांकन मिळाले, तो सुवासिक तांदूळ नवा असताना याच नियमाने शिजविला तर भात गिचका होतो. कारण नवा तांदूळ पाणी कमी मागतो आणि जुना अधिक. तांदूळ कोणता आणि किती जुना, हे विचारल्यावाचून पाण्याचे माप सांगणारे पुस्तक शिकणाऱ्याला अपयशाकडे नेते. आणि वाईट हे, की तो दोष त्याला स्वतःचा वाटतो.

आता दुसऱ्या कसोटीकडे वळू. पाककृती कोणत्या तरी घरात जन्मते. त्या घराला गाव असते, जात असते, मिळकत असते, चूल असते. पुस्तक छापले जाताना हे घर पुसले जाते आणि मुखपृष्ठावर 'महाराष्ट्रीय' हा शब्द येतो. 'रुचिरा'चा गाभा शाकाहारी ब्राह्मणी स्वयंपाकाचा आहे. यात कमलाबाईंचा काही दोष नाही. जे त्यांनी हाताने केले तेच त्यांनी प्रामाणिकपणे लिहिले. दोष असलाच तर वाचकसमाजाचा, की त्याने एका घराच्या उत्तम स्वयंपाकाला साऱ्या महाराष्ट्राचा स्वयंपाक मानून टाकले.

या गल्लतीचा त्रास शिकणाऱ्याला कसा होतो? साधा शब्द घ्या : तिखट. पुण्याच्या पुस्तकात 'दोन चमचे तिखट' असे लिहिलेले असते तेव्हा त्याचा अर्थ नुसती लाल मिरचीची पूड. कोल्हापूरकडे आपण ज्याला 'चटणी' म्हणतो ती त्या तिखटाच्या जागी घरोघरी वापरली जाते. आणि त्या चटणीत उन्हाळ्यात वाळवून कुटलेल्या मिरचीबरोबर कांदा, लसूण, सुके खोबरे, तीळ, धणे, गरम मसाला आणि बहुधा मीठही असते. पुस्तकातील दोन चमचे तिखटाऐवजी ही चटणी पडली की पदार्थ निराळाच होतो आणि वर मीठ अधिक होते. उलटपक्षी कोल्हापूरची मुलगी परगावी जाऊन आईला पत्राने वा फोनने विचारते, 'चटणी किती घालू?' आणि तिथल्या दुकानातील मिरचीपूड तेवढीच घालते, तेव्हा आमटीत तिखटपणा येतो, पण चव येत नाही. एका शब्दाचा खुलासा पुस्तकात असता तर हे टळले असते.

तांबड्या-पांढऱ्या रश्श्याची गोष्ट याहून बोधप्रद आहे. मटण हळद, आले-लसूण लावून शिजविले की जे अळणी पाणी निघते, त्यातच नारळाचे दूध, खसखस, तीळ वा काजूचे वाटण पडून पांढरा रस्सा होतो. त्याच पाण्याच्या दुसऱ्या भागात चटणी आणि भाजलेल्या कांदा-खोबऱ्याचे वाटण जाऊन तांबडा होतो. आणि शिजलेल्या फोडींचे सुके मटण होते. एका पातेल्यातून तीन पदार्थ. परंतु 'एक पदार्थ, एक पान' या पाकपुस्तकाच्या साच्यात हे बसत नाही. तीन वेगळ्या पानांवर तीन कृती छापल्या जातात आणि प्रत्येकीत मटण पुन्हा पहिल्यापासून शिजू लागते. शिकणाऱ्याला तीन पदार्थ समजतात. अळणी पाण्याची वाटणी कशी करावयाची, म्हणजे ज्यात खरे कसब आहे ते, समजत नाही.

साच्याबाहेरचे गाळले गेले की उरते ते नाव. देशभरातील उपाहारगृहांच्या यादीत 'व्हेज कोल्हापुरी' असते. तिथे कोल्हापुरी म्हणजे तांबडे आणि झणझणीत एवढाच अर्थ. पांढरा रस्सा हा त्या समजुतीला मिळालेला सर्वांत सौम्य जबाब आहे. पण तो जबाब लेखी, नीट मापाने, शिकता येईल असा उपलब्ध असावयास हवा. नाहीतर आपल्याच नातवंडांना कोल्हापुरी म्हणजे काय, हे उपाहारगृहाच्या यादीवरून कळेल.

ज्यांचा स्वयंपाक पाकपुस्तकांनी नोंदविलाच नाही, त्यांच्या बाजूने मराठीत एक ठाम पुस्तक आले : शाहू पाटोळे यांचे 'अन्न हे अपूर्णब्रह्म' (२०१५). मराठवाड्यातील महार आणि मांग समाजांच्या खाण्याची ती नोंद आहे आणि तिच्या शीर्षकातच प्रश्न आहे. ज्यांच्या वाट्याला तूप, दूध आणि ताजे मांसही क्वचित येई, त्यांनी अन्नाला पूर्णब्रह्म कसे म्हणावे? मांस वाळवून केलेल्या चान्यांसारखे पदार्थ, ते करण्यामागील निकड आणि त्यासाठी सोसलेला अपमान यांचे वर्णन त्यात एकत्र येते. २०२४ साली या पुस्तकाचा इंग्रजी अनुवादही निघाला. नवशिक्याने ओट्यावर उघडून ठेवावे असे हे पुस्तक नाही. तसा त्याचा हेतूही नाही. पण पाककृतीबरोबर तिचे घर सांगितले की वाचकाला किती अधिक समजते, हे त्याने दाखवून दिले. 'रुचिरा'चे माप आणि पाटोळे यांचा खरेपणा ज्यात एकत्र येईल, असे पुस्तक मराठीत अजून व्हावयाचे आहे.

आपल्या वाचकांच्या घरांकडे पाहिले तर ही उणीव अधिक स्पष्ट होते. मराठी पाकपुस्तकांत बहुधा 'उपवासाचे पदार्थ' असे एक प्रकरण असते. त्यात साबुदाणा, वरीचे तांदूळ, शेंगदाणे आणि रताळी असतात. कॅथलिक घरातील उपवासाची रीत निराळी. राखेच्या बुधवारी आणि उत्तम शुक्रवारी एकच पूर्ण जेवण घ्यावयाचे आणि प्रायश्चित्तकाळातील शुक्रवारी मांस वर्ज्य करावयाचे. मासळीला मात्र मज्जाव नाही. म्हणून घाटावरच्या घरांत त्या दिवशी बाजारातून आणलेले सुके बोंबील, सुकट किंवा नुसते कडधान्याचे कालवण असते. उपवास हा शब्द एकच, पण त्यामागे दोन स्वयंपाकघरे आहेत. नव्याने संसार मांडणाऱ्या आपल्या मुलीला वा मुलाला यांपैकी एकच पुस्तकात भेटते.

सिंधुदुर्ग धर्मप्रांत २००५ साली स्थापन झाला तेव्हा सिंधुदुर्ग आणि रत्नागिरीबरोबर कोल्हापूर जिल्हाही त्यात आला. सागरकिनारा आणि घाटमाथा एका छत्राखाली आले. आजरा, चंदगड, गडहिंग्लज भागांतील अनेक कॅथलिक घरांत गोव्याकडून आलेल्या चवी पूर्वीपासूनच नांदत आहेत. नाताळच्या नेवऱ्या, कुलकुल आणि दोदोल शेजारच्या करंज्या-चकल्यांबरोबर एकाच ताटात बसतात. किनाऱ्यावर सान्नांचे पीठ माडीने फुगवितात. घाटावर माडी सहज मिळत नाही, तेव्हा यीस्ट वापरावे लागते आणि वेळ व चव दोन्ही बदलतात. विंदालूला तर नावामुळेच अपघात झाला. पोर्तुगीज भाषेतील द्राक्षमद्य आणि लसूण यांवरून आलेल्या या शब्दात कोणी 'आलू' वाचला आणि अनेक ठिकाणी त्यात बटाटे पडू लागले. शिर्का का घालावयाचा आणि मांस त्यात मुरू का द्यावयाचे, हे ठाऊक असलेली पिढी आता वृद्ध होत आहे.

याबाबत मुंबईच्या ईस्ट इंडियन समाजाचे उदाहरण अनुकरणीय आहे. बॉम्बे ईस्ट इंडियन असोसिएशनने आपल्या समाजाचे पाकपुस्तक प्रसिद्ध केले. बॉटल मसाल्याच्या त्या चवी त्यामुळे कागदावर टिकल्या. परंतु ते इंग्रजीत आहे. ज्या घरात आजी मराठीत किंवा कोंकणीत बोलते, ती 'मंदाग्नीवर रटरटू दे' म्हणते तेव्हा तिच्या शब्दातच कृतीचा अर्धा भाग असतो. तो शब्द गेला की मापे उरतात आणि हात हरवतो. म्हणून आपल्या स्वयंपाकाची नोंद आपल्याच बोलीत व्हावयास हवी.

शिकणारा कोण, हा प्रश्नही विचारावयास हवा. 'सव्वा लाख सुनांची सासू' हा कमलाबाईंचा गौरव प्रेमाचा आहे, पण त्यात त्या काळाची समजूतही आहे, की पाकपुस्तक सुनेनेच वाचावयाचे. आज कोल्हापूरहून पुण्या-बंगळूरला शिकावयास वा नोकरीस गेलेला मुलगाही भाड्याच्या खोलीत कुकर लावतो. त्याला ओट्याजवळ कधी बोलावलेच गेले नव्हते, त्यामुळे त्याचे अज्ञान त्याच्या बहिणीपेक्षा मोठे. तो भ्रमणध्वनीवरील चित्रफितीकडे वळतो. चित्रफीत हाताची हालचाल दाखविते, हा तिचा मोठाच गुण. पुस्तकाला ते जमत नाही. पण तिच्यात वासाची खूण क्वचित सांगितली जाते, आणि काय चुकले ते मागे जाऊन शोधणे कठीण असते. समासात 'मीठ कमी' अशी टीप लिहिण्याची सोय पुस्तकातच आहे. ती टीप लिहू लागला की शिकणारा स्वतःच्या घरचे पाकपुस्तक लिहू लागतो.

तेव्हा वाचकांना एक विनंती करावीशी वाटते. येत्या सुट्टीत घरातील वडीलधाऱ्या बाईजवळ बसून पाच पदार्थ लिहून घ्यावेत. पाचच, पण पूर्ण. प्रत्येकाखाली कोणाच्या हातचा, कोणत्या गावचा आणि कोणत्या दिवशी होतो ते लिहावे. तिची मूठ आणि चिमूट घरच्या वाटी-चमच्याने मोजून घ्यावी. चुलीवर की गॅसवर, तांदूळ नवा की जुना, चटणी की नुसते तिखट, हे नोंदवावे. पदार्थ झाला हे ती कशावरून ओळखते, हा प्रश्न विसरू नये. तिला तो विचित्र वाटेल, कारण तिला तो आजवर कोणी विचारलेला नसेल. मग ज्याला स्वयंपाक येत नाही अशा घरातील मुलाकडून वा मुलीकडून तो पदार्थ केवळ त्या लिखाणावरून करवून घ्यावा. जिथे तो अडेल तिथे लिखाण अपुरे आहे असे समजून ते सुधारावे.

चौथीपर्यंत शिकलेल्या एका गृहिणीने आपल्या सासूचे ज्ञान एवढ्याच श्रमाने आणि एवढ्याच प्रामाणिकपणाने लिहून काढले, आणि लाखभर घरांना त्याचा उपयोग झाला. आपल्या धर्मग्रामांतील घरांत हे काम करावयास कोणतीही पदवी लागत नाही. वही लागते, एक वाटी लागते, आणि जिला विचारावयाचे ती घरात आहे तोवर विचारण्याची निकड लागते.